सत्तेचाळीस नंबरची शीट आणि गयाबाईंचं फडकं

गेल्या रविवारी सकाळची एसटी पकडून पुन्हा पिशोरला गेले. एका गवतासाठी चौथ्यांदा... घरच्यांनी आता विचारणंही सोडलंय.

गवत म्हणायचं ते आपल्या सोयीसाठी. खरं तर ते लव्हाळ्याच्या कुळातलं. देठ दोन बोटांत धरून फिरवला की तीन कडा लागतात, गवताचा देठ गोल लागतो. आपल्याकडचे लव्हाळे बहुतेक शेतात, नाल्याकाठी. हे मात्र डोंगरउतारावर, झिरपत्या कातळाच्या सावलीत वाढतं. याची प्रजात कॅरेक्स, एवढं मला पहिल्या दिवशीच कळलं होतं, पण त्यातली नेमकी कोणती जात हे दोन वर्षं कळत नव्हतं.

अडचण अशी की कॅरेक्सची ओळख फळावर ठरते. दाणा एका इवल्याशा सुरईसारख्या पिशवीत असतो. त्या पिशवीची चोच लांब की आखूड, अंगावर लव आहे की नाही, शिरा किती, हे बघितल्याशिवाय नाव देता येत नाही. आणि पिशवी पिकली की दोनचार दिवसांत गळून जाते.

पहिल्यांदा गेले तेव्हा नुसता फुलोरा होता. दुसऱ्यांदा गेले तेव्हा उतार पार वाळून गेलेला. माझ्या थिसिसमधली सत्तेचाळीस नंबरची शीट, म्हणजे वाळवलेलं रोप चिकटवायचा कागद, तशीच बिननावाची राहिली.

गाईड सर चांगले आहेत, पण त्यांनाही घाई. या महिन्याअखेर थिसिस जमा करायचा आहे. नाव मिळत नसेल तर ती शीट काढून टाका, एका झाडानं काही बिघडत नाही, असं ते म्हणाले. बिघडत नाही, हे मलाही माहीत होतं. पण तासिका तत्त्वावर शिकवत शिकवत हे काम करताना इतक्या गोष्टी मी अर्धवट सोडल्यात... की आता एकसुद्धा सोडायची नाही असं मनाशी ठरवून टाकलं होतं. हट्ट म्हणा हवं तर.

म्हणून ऑगस्टमध्ये तिसऱ्यांदा गेले. दाणे धरले होते, पण कोवळे. त्याच उतारावर गयाबाई म्हशींसाठी गवत कापत होत्या. साठीच्या पुढच्या, पायथ्यालाच घर. मी त्यांना ते रोप दाखवलं, मुळासकट कसं काढतात तेही दाखवलं. आणि बजावलं, की एवढ्या तुकड्याला कुणी हात लावायचा नाही, तुम्हीसुद्धा नाही.

हे कशाला येतं, असं त्यांनी विचारलं. कशालाच नाही, मला फक्त त्याचं नाव शोधायचंय, म्हटल्यावर त्यांनी विळा त्या तुकड्यापासून बाजूला घेतला. मग बरं म्हणाल्या.

तर रविवारी दहाच्या सुमारास उतारावर पोचले... आणि तो तुकडा साफ कापलेला. खुंट तेवढे शिल्लक. आजूबाजूला शेळ्यांच्या लेंड्या.

खरं सांगते, डोळ्यांत पाणी आलं. पाठोपाठ संतापही आला. एवढं सांगूनसुद्धा... गयाबाईंना काय काय सुनवायचं, ते मी उतरता उतरता मनात जुळवत होते.

दारात त्या सूप घेऊन बसल्या होत्या. जयभीम म्हणाल्या, पाणी दिलं. कापलं कुणी, असं मी जरा तोडूनच विचारलं.

"म्याच कापलं," त्या शांतपणे म्हणाल्या. "तू म्हणली हात लावू नको. पण शेळ्या पार तिथवर आल्या, अन् दाणंबी गळाया लागलं होतं. हात नसता लावला तर तुला काय घावलं असतं?"

आणि त्यांनी वर बोट दाखवलं.

आढ्याला बियाण्यासाठी राखलेले दोडके टांगलेले होते, बाजरीची कणसं होती. त्यांच्याच रांगेत जुन्या लुगड्याच्या फडक्यात शेंडे गुंडाळून, उलटी टांगलेली माझी जुडी. फडकं उलगडलं तर तळाशी चिमूटभर सुरया... पिकलेल्या, अख्ख्या. एक रोप मुळासकट. बाकीची मुळं त्यांनी जमिनीतच राहू दिली होती, पुढच्या साली फुटावं म्हणून.

ज्या बाईला मी वनस्पती कशी सांभाळायची ते शिकवत होते, तिनं आयुष्यभर घरचं बियाणं राखलेलं. हात न लावणं म्हणजे राखणं, हा माझा समज... तोही शहरातला. लाज वाटली, आणि ती मी त्यांना बोलूनही दाखवली. त्यांनी हसून चहा टाकला.

शीटसाठी तारीख लागते. कधी काढलं, विचारलं तर म्हणाल्या, "गावात घट बसले ना, त्याच्या आदल्या दिशी. सकाळच्याला." मोबाईलमध्ये कॅलेंडर बघितलं, तारीख मिळाली.

सोमवारी कॉलेजात मायक्रोस्कोपखाली बसले. आखूड चोच, लव आहे, शिरा ठळक... ओळखतक्त्यातून एकेक पायरी उतरत गेले आणि संध्याकाळी नाव सापडलं. नवीन काही नाही, सह्याद्रीत आधीपासून माहीत असलेलीच जात निघाली. सर म्हणाले, एवढ्यासाठी चार खेपा? म्हटलं, हो सर, एवढ्यासाठीच.

लेबलवर 'संग्राहक' असा रकाना असतो. बाकी सगळ्या शीटवर तिथं माझं नाव आहे. या शीटवर मी नाही लिहिलं.

गयाबाईंना फोन करून सांगितलं, तिथं तुमचं नाव घातलंय. त्या म्हणाल्या, "नाव तू त्या गवताचं हुडकत होती ना?"

म्हटलं, तेही सापडलं. दोन्ही एकाच कागदावर आहेत.

"मग पुरं लिव. गयाबाई रामभाऊ साळवे."

पुरं लिहिलंय, गयाबाई. पक्क्या शाईनं.