धोंडप्पांचे आकडेखाऊ

धर्मापुरीत धोंडप्पांचं किराणा दुकान आहे. दुकान बेताचं, डोकं मात्र भलतंच. लहानपणी ते गावातल्या जुन्या देवळाच्या भिंतीवरच्या मूर्ती मोजायला गेले, तर दर खेपेला आकडा वेगळा आला. दुसऱ्या कुणी आपलं गणित कच्चं म्हणून विषय सोडून दिला असता. धोंडप्पांनी शोध लावला की गणितावर जगणारे जीव असतात. ते दिसत नाहीत, धान्याला तोंड लावत नाहीत. मोजणी सुरू झाली की येतात आणि नुसता आकडा कुरतडतात. नाव ठेवलं आकडेखाऊ.

एकदा शोध लागल्यावर पुराव्यांना काय तोटा! रात्री घोकलेले पाढे सकाळी कुठं जातात? मोंढ्याच्या बाजारात भरलेलं पोतं घरी येऊन हलकं कसं होतं? आणि वाडवडील ज्वारी मापताना पहिल्या मापाला 'एक' न म्हणता 'लाभ' का म्हणत? तर 'एक' ऐकलं की आकडेखाऊ जागे होतात. 'लाभ' म्हटलं की गाफील राहतात, आणि 'दोन' ऐकून धावत येईपर्यंत पहिलं माप तरी सुखरूप पोत्यात पडतं. सरकारी आकड्यांना मात्र ते शिवत नाहीत, पोट बिघडतं, असं धोंडप्पा अगदी गंभीर चेहऱ्यानं सांगत. गावाला फुकटची करमणूक झाली. नापास पोरं बापापुढं आकडेखाऊंचं नाव घेऊ लागली आणि बाप शिव्या द्यायला दुकानावर येऊ लागले.

हसू येत नव्हतं ते एकट्या त्यांच्या बायकोला, गंगासागरबाईंना. मुलगा रुद्रेश पस्तिशीला टेकला होता. पाण्याचे पंप दुरुस्त करायचं त्याचं दुकान बरं चाललं होतं, सुपारीचंही व्यसन नव्हतं. पण खेड्यातल्या पोराला हल्ली मुलगी देतंय कोण? त्यात चालून आलेलं एक स्थळ धोंडप्पांनीच घालवलं. पाहुण्यांनी सहज विचारलं, घरात माणसं किती? धोंडप्पांनी झटकन त्यांच्या तोंडावर हात ठेवला. नांदतं घर असं मोजू नये म्हणाले. पाहुणे पोहे न खाताच उठले.

म्हणून केजच्या उत्तरेश्वररावांची मुलगी शिवांजली घर बघायला यायची ठरली, तेव्हा बाईंनी नवऱ्याला देवघरात नेलं. मुलगी कॉलेजात गणित शिकवणारी, म्हणजे आगीशेजारी रॉकेलच. गळ्यातल्या इष्टलिंगावर हात ठेवायला लावून त्यांनी शपथ घेववली, की पाहुण्यांसमोर आकडेखाऊंचा 'आ' काढायचा नाही. धोंडप्पांचा चेहरा उतरला, पण लेकासाठी त्यांनी शपथ घेतली.

पाहुणे आले. बाप-लेक पुढच्या खोलीत रुद्रेशसमोर बसले. पोहे झाले, पावसापाण्याचं बोलणं झालं. धोंडप्पा शहाण्या माणसासारखे माना डोलवत होते. बाईंचा जीव जरा भांड्यात पडतोय तोच शिवांजलीनंच विचारलं, आप्पा, ते आकडेखाऊंचं सांगा ना, केजपर्यंत ऐकू आलंय, मी तर तेवढ्यासाठीच हट्टानं आलेय.

धोंडप्पांचे डोळे क्षणभर चमकले. मग हात छातीवरच्या लिंगाशी गेला.

"तसलं काई न्हाई बाई," ते म्हणाले. "लोकं उगं काईबी उठवतेत."

शिवांजली हिरमुसली. तिनं कप खाली ठेवला. उत्तरेश्वररावांना हे स्थळ मुळातच फारसं पसंत नव्हतं. त्यांनी घड्याळ पाहिलं आणि निघायला म्हणून उठले. आता आली का पंचाईत! स्थळ चाललं होतं, आणि तेही शहाणपणा केल्यामुळं. बाई पुढं आल्या.

"खोटं बोलायलेत ते," त्या म्हणाल्या.

आणि त्यांनी स्वतःच सांगायला सुरुवात केली. देवळातल्या मूर्ती, पाढे, पोतं, लाभाचं माप, सगळं एकामागून एक. कुठं थांबायचं, कुठं आवाज उतरवायचा, तेसुद्धा हुबेहूब धोंडप्पांसारखं. ते बघतच राहिले. इतकी वर्षं त्यांना वाटत होतं की ही भाकरी थापताना नुसती हं हं म्हणते. त्यांना भडभडून आलं आणि त्यांनी उपरण्यानं नाक पुसलं.

शिवांजलीनं शिक्षिकेसारखी शंका काढली. आकडेखाऊ बरोबर उत्तर खातात की चुकलेलं? बाई अडकल्या. त्यांनी नवऱ्याकडं पाहिलं, सांगा की आता म्हणाल्या. धोंडप्पांनी मान हलवली. लिंगावरची शपथ बायकोच्या सोयीनं सुटत नसते.

"चुकलेलंच खात असतेन," बाई चिडून म्हणाल्या. "बरोबर खात असते तर ह्या घरात कवाच उपाशी मेले असते."

सगळ्यांत मोठ्यानं धोंडप्पाच हसले.

शिवांजलीही पोट धरून हसली. मग तिनं विचारलं, काकू, तुम्हाला हे खरं वाटतं?

बाईंनी नवऱ्याकडं पाहिलं. लेकाच्या लग्नासाठी 'हो' एवढं एक खोटं काही जड नव्हतं, पण ते तोंडातून निघेना.

"न्हाई," त्या म्हणाल्या. "एका शब्दावर इस्वास न्हाई माझा. पर ह्यांला दुसरं कोण हाय ऐकणारं? गाव नुसतं हसतंय."

शिवांजली रुद्रेशकडं वळली. तो पाहुणे आल्यापासून खाली मान घालून बसला होता.

"माझं एखादं म्हणणं तुम्हाला पटलं नाही, तर तुम्ही काय कराल?"

रुद्रेशनं मान वर केली. आई डोळ्यांनी खुणावत होती, पण त्यानं तिकडं पाहिलं नाही.

"भांडंन," तो म्हणाला. "पर उठून जाणार न्हाई."

उत्तरेश्वरराव चपला शोधत दारात पोचले होते. शिवांजलीनं त्यांना हाक मारली आणि म्हणाली, "बाबा, या, बसा. तारखेचं बोलून घेऊ."