ब्रूनोचं काही जमेना

कॉलेजच्या मैत्रिणी भेटल्या की आपापल्या ऑफिसातले किस्से निघतात. कुणाचा बॉस, कुणाचं अप्रेझल, कुणाकडे एसीच्या रिमोटवरून झालेली भांडणं. दोन-तीन किस्से झाले की त्यांचा स्टॉक संपतो. माझा संपत नाही. आमच्याकडचे किस्से लेंड्यांसारखे असतात. सकाळी शेड लख्ख झाडून घ्यावी, दुपारी बघावं तर तेवढ्याच परत पडलेल्या!

मी शेळ्या-बोकडांच्या एजन्सीत काम करते. तळोज्याच्या जरा अलीकडे आमची शेड आहे आणि तिला टेकून एक पत्र्याची केबिन. ती केबिन म्हणजे ऑफिस. बाजारातून जनावरं आणायची आणि फार्मवाल्यांना विकायची, हा मुख्य धंदा. शिवाय पैदाशीसाठी दोन-चार जातिवंत बोकड ठेवलेले असतात, आजूबाजूच्या गावांतले लोक आपल्या शेळ्या त्यांच्याकडे घेऊन येतात. मालक बापू, माणदेशातले. माझे पप्पा मार्केटला माथाडी, बापूंच्या शेजारच्या गावचे. त्यामुळे बी.एम.एस. झाल्यावर मी थेट इथे आले.

माझ्याबद्दल एकच सांगायचं, मी दचकते. मिक्सर सुरू झाला तरी दचकते. आणि मिक्सर मीच सुरू केलेला असतो.

*

इंटरव्ह्यूच्या दिवशी बापूंनी विचारलं, "कम्प्यूटर येतो का?"

मी "हो" म्हणायला तोंड उघडलं आणि नेमकी माझ्या मागे एक शेळी शिंकली. मी किंचाळून थेट खुर्चीवर चढले! शेडमधल्या सगळ्या शेळ्या कान टवकारून उभ्या राहिल्या. गेली नोकरी, मी मनात म्हटलं.

दारात हनीफचाचा उभे होते. हनीफचाचा म्हणजे आमच्याकडे जनावरं पारखणारे, टेम्पो चालवणारे आणि बापूंशी रोज भांडणारे. मूळचे मुरुडकडचे.

"बापू, पोर भलतीच घाबरट हाय," ते म्हणाले.

"मग बरंच की," बापू म्हणाले. "कळपात एक असतीच अशी. आधी ती वरडती, मग बाकीच्या सावध हुत्यात. पोरी, सोमवारपासनं ये."

घरी आईने विचारलं, "पोस्ट कसली गं?"

मी म्हटलं, "ॲडमिन."

*

शेळीचं वय दातांवरून कळतं, हे मला तिथेच कळलं. गिऱ्हाईक आधी दात बघणार, मग पुढचं बोलणार. हल्ली सगळं व्हॉट्सॲपवर, म्हणून दातांचा व्हिडिओ काढणं हे माझं काम.

पहिल्यांदा खारघरच्या एका साहेबांना व्हिडिओ हवा होता. त्यांना कर्जतला गोट फार्म टाकायचा होता. हनीफचाचा बाहेर गेलेले. मी एका हाताने शेळीचा ओठ वर केला, दुसऱ्या हातात मोबाइल. शेळीने माझं बोट चाटलं. मी जी ओरडले, ती ओरडले! डोळे मिटून तसाच व्हिडिओ पाठवून दिला.

नंतर पाहिलं, तर कॅमेरा सेल्फीवर होता. दहा सेकंद नुसती मी, तोंड वासून.

रडू यायचं बाकी होतं, तेवढ्यात साहेबांचा रिप्लाय आला. "टीथ ओके. वजन किती?"

*

तर आता ब्रूनो.

कामोठ्याच्या एका सोसायटीतून मोरेकाकूंचा फोन आला. काकू रिटायर्ड, घरात एकट्या. गावाला गेल्या असताना आई मेलेलं एक करडू दिसलं, ते कापडी पिशवीत घालून घेऊन आल्या. बाटलीने दूध पाजलं, तिसऱ्या मजल्यावर वाढवलं. करडू होतं तोवर सोसायटीतली मुलं त्याच्याशी खेळायची. ब्रूनो हे नाव त्यांनीच ठेवलं. मग ब्रूनो वयात आला. वयात आलेल्या बोकडाचा वास ज्यांना माहीत नाही त्यांनी तो लिफ्टमध्ये कल्पून बघावा! सेक्रेटरींनी आधी ड्रेनेजवाल्याला बोलावलं म्हणे. मग काकूंना नोटीस दिली.

आम्ही घ्यायला गेलो तेव्हा ब्रूनो काकूंबरोबर लिफ्टमधून उतरला. उंच, तांबूस, अंगावर पांढरे ठिपके, कान खांद्यापर्यंत. बापू त्याच्याकडे बघतच राहिले. "काय जनावर हाय! ह्याची करडं बाजार उठवतील."

काकूंनी एकच विचारलं. "कापणार नाही ना हो?"

"न्हाय ओ ताई. पैदाशीला ठेवतो. माझा शब्द."

मग काकू म्हणाल्या, "ब्रूनो, सिट!" आणि ब्रूनो पाय दुमडून खाली बसला.

बापूंचा चेहरा पांढराफटक. धावत जाऊन त्यांनी ब्रूनोच्या पोटाला कान लावला. "हनीफ, डॉक्टरला फोन लाव! उभं जनावर बसलं!"

*

ब्रूनो आमच्याकडे आला आणि आमच्या लक्षात आलं की आपण बोकड आहोत, हे त्याला कुणी सांगितलेलंच नाही.

पहिल्याच आठवड्यात एक शेळी माजावर होती. बापूंनी तिला ब्रूनोच्या कप्प्यात सोडलं. शेळी शेपटी हलवत जवळ आली. ब्रूनोने तिच्याकडे पाहिलं, कुंपणावरून उडी मारली, केबिनचं दार ढकललं आणि तो माझ्या टेबलाखाली येऊन बसला. थरथरत! मी किंचाळून टेबलावर चढले. मग तो माझ्या किंचाळण्याला घाबरला आणि टेबल डोक्यावर घेऊनच उठला.

बापू दारातून आमच्याकडे बघत राहिले. टेबलावर मी, टेबलाखाली ब्रूनो.

"दोन झाली आता," ते म्हणाले.

*

मग ब्रूनोवर उपाय सुरू झाले. हरभरा खाऊ घातला. शेजारच्या कप्प्यात दुसरा दांडगा बोकड बांधला, त्याला बघून तरी ईर्षा येईल म्हणून. शेवटी हनीफचाचांनी सांगितलं, "नुसता बांधून काय होयाचा? समोर दाखवूया. डायरेक्ट ट्रेनिंग." दांडग्या बोकडासमोर शेळी सोडली आणि ब्रूनोला कठड्याशी उभं केलं.

ब्रूनोने सगळं नीट पाहिलं. अगदी मन लावून. संपल्यावर आमच्याकडे वळून एकदा बें केलं आणि काकूंच्या घरी रोज मिळायचं तसं मारी बिस्किट मागायला माझ्याकडे आला.

"शिकला काय?" चाचांनी विचारलं.

बापू म्हणाले, "पिच्चर आवडला त्याला."

*

दर रविवारी मोरेकाकूंचा फोन यायचा. तो उचलणं माझं काम. मला खोटं बोलता येत नाही. आणि खरं कसं सांगणार?

"काय गं, ब्रूनोचं जमलं का कुठे?"

"नाही काकू. म्हणजे... बघतोय आम्ही."

"स्थळं येतात ना पण?"

"येतात. रोज येतात. त्यालाच पसंत नाही."

काकू समजुतीच्या आवाजात म्हणाल्या, "घाई करू नका हो. आमच्या ह्यांनीही दोन वर्षं लावली होती."

*

गावातले पाटीलमामा आपली लाडकी शेळी टेम्पोत घालून घेऊन आले, तेव्हा मात्र गोष्ट हाताबाहेर गेली. मामा इथले जुने आगरी. ब्रूनोच्या देखणेपणाची कीर्ती ऐकून खास आले होते. शेळीला अंघोळ घातलेली, गळ्यात नवी घंटा.

बापूंनी छाती पुढे काढून ब्रूनोला बाहेर आणलं. ब्रूनोने शेळी पाहिली, घंटा ऐकली, आणि सरळ मामांच्या टेम्पोच्या पुढच्या सीटवर जाऊन बसला. काचेतून बाहेर बघत. जसं काही आता निघायचंय!

मामा सीटकडे बघतात, बापू जमिनीकडे.

"बापूशेठ," मामा म्हणाले, "यो बोकर हाय का पावना?"

आम्ही हसलो. बापू हसले नाहीत. शेळी परत टेम्पोत चढवताना मामा पुटपुटले, "आमचे शेलीला लाज वाटली ना." ते बापूंना ऐकू गेलं. आमच्या धंद्यात एका गावाची एक शेळी तशीच परत गेली की दुसऱ्या दिवशी चार गावं दुसऱ्या एजन्सीकडे वळतात.

त्या संध्याकाळी बापूंनी सांगून टाकलं. "बकरी ईद जवळ आलीय. ईदला असल्या जनावराला मागणी हाय. व्यापाऱ्याला बोलावतो. हितं जे काम करत न्हाय, ते ऱ्हात न्हाय. आपुन धंदा करतो."

"आणि काकूंना दिलेला शब्द?" हे मी बोलले. मी! बोलून झाल्यावर स्वतःच दचकले.

बापूंनी ब्रूनोच्या कप्प्याची कडी उगाचच दोनदा लावली.

*

व्यापारी आला तो भिवंडीकडचा, सलीमशेठ. मोठा माणूस, बोलायला गोड. ईदच्या आधी तो दर वर्षी येतो आणि आमच्याकडून जनावरं नेतो. हनीफचाचाच त्याच्याशी सौदा करतात. चाचांच्या घरी ईदची कुर्बानी चुकलेली नाही, आणि बोकडाला जीव लावून वाढवावं आणि मग द्यावं, ह्यातलं सगळं त्यांना माहीत. त्यामुळे ब्रूनोबद्दल मी त्यांना काही बोलले नव्हते. काय बोलणार?

सलीमशेठने ब्रूनोला चारी बाजूंनी पाहिलं. कान, शिंगं, खूर. ब्रूनोने त्याच्या खिशात नाक घातलं. "माशाल्ला," शेठ म्हणाला. "यही चाहिये. भाव बोलो."

आमच्याकडे भाव तोंडाने बोलत नाहीत. दोघांनी हात पुढे करायचे, वरून रुमाल टाकायचा आणि रुमालाखाली एकमेकांची बोटं दाबायची. कुठलं बोट, किती बोटं, त्यावरून आकडा. बघणाऱ्याला काही कळत नाही. पटलं तर मान हलते, नाही पटलं तर पुन्हा बोटं.

हा सौदा बापूंनी स्वतः करायचा, असं ठरलं होतं. बापू पुढेही झाले. मग म्हणाले, "हनीफ, तू कर. माझा हात दुखतोय." आणि पाण्याच्या टाकीकडे तोंड करून उभे राहिले. टाकी भरलेली होती.

चाचांनी खांद्यावरचा रुमाल काढला. शेठने हात पुढे केला. रुमाल पडला.

मी केबिनच्या दारात होते. बघायचं नाही असं ठरवून बघत होते. एरवी त्या रुमालाखाली वळवळ दिसते, कापड हलतं, कुणीतरी "अरे भाई!" म्हणतं. आज कापड हलेना. चाचा शेठकडे बघत होते. शेठ आधी हसला. मग भुवई उंचावली. मग हसणं गेलं. तोही चाचांकडे बघायला लागला. ब्रूनो दोघांच्या मधे उभा राहून रुमालाची कड चघळत होता.

किती वेळ गेला कोण जाणे. मागे रस्त्यावर ट्रेलरचा हॉर्न वाजला आणि मी दचकले, दोघांपैकी एकही दचकला नाही.

मग शेठने हळूच हात काढून घेतला. ब्रूनोच्या दोन्ही शिंगांच्या मधे खाजवलं. "चाचा, इस साल दूसरा दिखा दो," एवढंच म्हणाला. पलीकडच्या कप्प्यातले दोन बोकड त्याने पाचच मिनिटांत पसंत केले, टेम्पोत चढवले आणि बापूंना सलाम करून निघून गेला.

बापू टाकीपासून तरातरा आले.

"काय केलंस रं? एवढा मागं लागलेला माणूस गेला कसा? किती मागितलंस? कुठलं बोट दाबलंस?"

"एक पन नाय," चाचा म्हणाले. रुमालाची ओली कड ते झटकत होते. "नुसता हात धरून उभा रेलो."

"आन् त्यो?"

"तो बी धरून उभा रेला."