वरकुट्याच्या तळ्यातले उजव्या तोंडाचे शंख

कार्तिकाच्या पहिल्या आठवड्यात भोरहून निघालो. किल्लारीच्या भूकंपाला तेव्हा दोन वर्षे झाली होती. निघण्याचे कारण एक पोस्टकार्ड होते. इंदापूर तालुक्यातील वरकुटे गावाहून धोंडीबा नावाच्या गृहस्थांनी ते पाठवले होते. मजकूर थोडका होता. मेंढरांच्या जबड्याखाली पाणी उतरते आणि ती मरतात. गुरांच्या डॉक्टरांनी मेलेले मेंढरू फाडून काळजात (यकृतात) पानासारखे चपटे जंत दाखवले. तळ्यातल्या शंखांमुळे हा रोग होतो, असे ते म्हणाले. तुम्ही तर शंख बाधत नाहीत असे सांगितले होते. तरी येऊन बघावे.

मी तीस वर्षे महाविद्यालयात प्राणिशास्त्र शिकवले. त्या काळात सह्याद्रीच्या माथ्यापासून पूर्वेकडे, जमिनीवरील गोगलगाई आणि गोड्या पाण्यातील शंख यांची गाववार यादी करीत आलो. माथ्यावर प्रत्येक ओल्या खडकाला काही ना काही चिकटलेले असते. तिळाएवढे शंख असतात, झाडावर चढणारे असतात, सुपारीएवढे गोल असतात. पूर्वेला ओल कमी होत जाते आणि यादी आखूड होत जाते. वरकुटे हे त्या यादीतले शेवटचे गाव.

धोंडीबांचा मुलगा माझा विद्यार्थी. त्याच्या ओळखीने दीड वर्षापूर्वी मी त्यांच्याकडे उतरलो होतो. घर धनगराचे. वडिलांच्या वेळी मोठा कळप घेऊन कोकणापर्यंत जात. आता शेती, आणि जोडीला थोडी मेंढरे. त्या घरात एक नियम पाळला जाई. नागपंचमीपासून होळीपर्यंत मेंढरू तळ्याच्या काठी उतरवायचे नाही. विहिरीचे पाणी शेंदून डोणीत (पाणी पाजण्याच्या दगडी कुंडीत) ओतायचे. कारण विचारले, तेव्हा वाडवडिलांचे आहे, एवढेच उत्तर मिळाले. मी तळ्याचा काठ पाहिला, शंख गोळा केले आणि नियमाला आधार नाही असे सांगितले.

शंख शेंडा वर आणि तोंड आपल्याकडे करून धरला, म्हणजे तोंड डावीकडे आहे की उजवीकडे ते कळते. मेंढीच्या काळजातला जंत आधी एका पातळ कवचाच्या, उजव्या तोंडाच्या शंखात वाढतो आणि तिथून निघून काठच्या गवताला चिकटतो. डाव्या तोंडाच्या शंखात तो वाढत नाही. वरकुट्यास मला पातळ कवचाचे सगळे शंख डाव्या तोंडाचे मिळाले होते.

माझ्या शब्दावर घरचा नियम मोडला गेला होता. तो शब्द बरोबर होता की नाही आणि उरलेली मेंढरे कुठे पाणी पितील, या दोन गोष्टी ठरायच्या होत्या.

सरळ गेलो असतो तर त्याच दिवशी सायंकाळी पोचलो असतो. मी तसे केले नाही. वाटेतला कालवा, एखादे जुने कुंड आणि एखादी टेकडी पाहून मग तळ्याकडे जावे असे ठरवले. सर्वत्र डाव्या तोंडाचेच शंख निघाले, तर डॉक्टरांना उत्तर देता येईल असा हिशेब होता.

शिरवळच्या पुढे पिशवीतल्या बाटलीचे बूच सैल झाले. वाहक माझ्याजवळ येऊन थांबला.

"आजोबा, पिशवीतनं वास येतोय."

"स्पिरिट आहे. गोगलगाई टिकवण्यासाठी."

"गोगलगाई बी प्यायला लागल्या व्हय?"

मागच्या बाकावरची माणसे हसली. मी बूच घट्ट केले. धोतराला लागलेला वास मुक्कामापर्यंत राहिला.

नीरेला गाडी बदलायची होती. मध्ये तासभर होता, म्हणून कालव्यावर गेलो. पाणी गढूळ होते. काठाला अडकलेल्या पाणवनस्पती ओढून काढल्या. पानांखाली बारीक शंख होते, जिवंत, सगळे डाव्या तोंडाचे. नोंद केली.

लोणी भापकरला जीपने गेलो. गावात दगडी पायऱ्यांचे जुने कुंड आहे. कोनाड्यांची रचना रेखीव आहे. पाणी हिरवे होते. पायऱ्यांच्या सांध्यांत चकतीसारखे चपटे वेटोळे असलेले शंख मिळाले आणि तपकिरी पट्ट्यांचे, पिल्ले घालणारे मोठे शंख. उजव्या तोंडाचा पातळ शंख एकही नव्हता. मी खालच्या पायरीवर वाकलो असताना कळशी घेऊन आलेली एक बाई थांबली.

"काय पडलं का पाण्यात?"

"नाही. शंख पाहतो आहे."

"देवाचं?"

"नाही. साधे."

"साध्यासाठी एवढं वाकला व्हय? कंबर धरंल की." ती कळशी भरून गेली. कंबर धरली होती, पण ते तिला सांगण्याचे कारण नव्हते.

रात्री एका शिक्षकांकडे राहिलो. बाजरीची भाकरी आणि हुलग्याचे माडगे (कुळथाच्या पिठाची पातळ पेज) वाढले. माडगे उत्तम होते.

दुसऱ्या दिवशी बारामतीमार्गे कन्हेरीस गेलो. गावाजवळची टेकडी उंच नाही. माथ्यावरून उसाचे हिरवे पट्टे आणि त्यांच्या पलीकडे माळ दिसतो. पाऊस संपून महिना झाला होता. दगड उलटले की खाली गोगलगाई कवचाच्या तोंडाला पांढरा पापुद्रा लावून बसलेल्या. त्या पुढच्या पावसापर्यंत तशाच राहतात. तांदळाच्या दाण्यासारखे लांबट, चुनखडीच्या रंगाचे शंखही मिळाले. सह्याद्रीच्या माथ्यावर ज्या जागी मोजता येणार नाहीत इतक्या तऱ्हा असतात, त्या जागी इथे दोन तऱ्हा. पण या दोन उन्हाला तोंड देऊन राहिल्या आहेत.

खाली उतरताना एक म्हातारे शेतकरी बांधावर बसलेले भेटले. लोक त्यांना तात्या म्हणत होते.

"काय गोळा केलं?"

"गोगलगाई."

"आन मग टेकडीवर कशाला गेला? आमच्या कोबीत या. पोतं भरून न्या, वर च्या पाजतो."

चहा घेतला. कोबीतली गोगलगाय टेकडीवरचीच होती. तिला पाणी मिळाल्यामुळे ती जागी होती. तात्यांच्या शेताजवळच्या चारीत (कालव्याच्या लहान पाटात) पुन्हा डाव्या तोंडाचे शंख दिसले. मला समाधान वाटले. त्या समाधानाची मी इथे नोंद करतो, कारण पुढचा भाग त्याशिवाय नीट कळणार नाही.

तिसऱ्या दिवशी इंदापूरच्या गाडीने निघालो. फाट्यावर उतरून वरकुट्यापर्यंत चालत गेलो. दुपार झाली होती. धोंडीबा अंगणात उभे होते. त्यांच्या पत्नी ताराबाई एका मेंढीचे तोंड मांडीत धरून बांबूच्या नळकांड्याने औषध पाजत होत्या. मागे वाघरेत (मेंढरे कोंडण्याच्या जाळ्यात) बाकीची बसली होती. बसलेली मेंढरे दुपारी बसलेली असतात त्यापेक्षा शांत होती.

"या सर," धोंडीबा म्हणाले. "लई चालला. बसा."

ताराबाईंनी मेंढी सोडली, हात धुतले, मला पाण्याचा तांब्या दिला.

"पत्र टाकून सात दिस झालं," त्या म्हणाल्या.

"पोस्टाला तीन लागले."

"आन बाकीचं चार?"

"एक निघण्याच्या तयारीत गेला. तीन वाटेत. शंख पाहत आलो."

"गावलं का?"

"सापडले."

"हितं तवर दोन गेली."

धोंडीबा म्हणाले, "अगं, पाणी तरी पिऊ दे त्यांना."

"पितायत की. मी काय तांब्या धरलाय?"

मी पाणी प्यालो. मग ताराबाईंनी एका मेंढीच्या जबड्याखालची सूज अंगठ्याने दाबून दाखवली. अंगठा काढल्यावर खळगा तसाच राहिला. पापणी उलटून दाखवली. आतला भाग कागदासारखा पांढरा होता. आम्ही तळ्याकडे निघालो.

तळे पाझर तलावाचे आहे. पावसाचे पाणी आणि कालव्याचे सुटलेले पाणी त्यात येते. मागच्या खेपेला काठाला भेगाळलेली माती होती आणि तिच्यावर पांढऱ्या, रिकाम्या कवचांचा थर होता. या वेळी काठ ओला होता आणि त्यावर हातभर रुंदीचे कोवळे गवत होते. असे गवत मेंढरू आधी खाते. मी चपला काढून चिखलात उतरलो. पाण्यात पाहिले, तिथे डाव्या तोंडाचे शंख होते. मग पाण्याबाहेर, गवताच्या बुडाशी पाहिले. चिखलावर पातळ, पिवळट तपकिरी शंख हळूहळू सरकत होते. एक उचलला. शेंडा वर धरला. तोंड उजवीकडे होते. दुसरा उचलला. दहा-बारा उचलून पाहिले. सगळे उजवे.

मागच्या खेपेला मी रिकामी कवचे गोळा केली होती. ती कालव्याच्या पाण्याबरोबर वाहत आलेल्यांची होती. तळ्यात राहणारे कुठे आहेत, हे पाहिले नव्हते. शंख जमवणाऱ्या माणसाची ही नेहमीची चूक आहे. स्वच्छ, कोरडे, न कुजणारे कवच हाती आले की जिवंत प्राणी शोधण्याची निकड वाटत नाही.

"डॉक्टर बरोबर आहेत," मी म्हणालो. "चूक माझी आहे."

धोंडीबा म्हणाले, "आवं सर, तुमी तरी काय करनार? तवा नसतील हितं."

"व्हतं की," ताराबाई म्हणाल्या. "सर, तुमी कवा आला व्हता?"

"मे महिन्यात."

"उन्हाळ्यात ते चिखलाखाली जातंय. वाळलेल्या गाळाचं ढेकूळ फोडलं की आत घावतंय. गाळ वावरात टाकताना आमी बगतो."

"हे मला सांगितले नाहीत."

"इचारलं व्हतं का? तुमी ह्यांना इचारलं, नियम का पाळता. ह्यांना काय म्हाईत? पाणी मी शेंदती." थोडे थांबून त्या पुढे म्हणाल्या, "तुमी गेल्यावर मी म्हणलं, नगं, शेंदू दे मला. तर हे म्हणं, कालेजातलं सर खोटं बोलत्यात का. दोन पावसाळं आराम झाला माझ्या हाताला."

धोंडीबा पाण्याकडे पाहत राहिले.

त्या दिवशी आणि दुसऱ्या सकाळी पुढील कामे झाली. बाभळीचे काटे तोडून, घराकडून येणारी वाट जिथे तळ्याला मिळते तिथे आडवे लावले. काठचे गवत कापायचे नाही आणि वैरणीत आणायचे नाही असे ठरले. ते धुऊन घातले तर चालेल का, असे धोंडीबांनी विचारले आणि मी नाही म्हणालो. डोण रिकामी पडून तडकली होती. ती सिमेंटने बुजवली. विहिरीवर मी दहा पोहरे ओढले. अकराव्याला ताराबाईंनी दोर हातातून काढून घेतला.

"ऱ्हाऊ द्या. सांडताय निम्मं."

वाघरेत तेवीस मेंढरे होती. सूज पाच जणींना. त्यांतली एक गाभण होती आणि औषध घेतल्यावर सकाळी उठून डोणीपर्यंत आली. प्याली. बाकीच्या चार उठल्या नाहीत. त्यांचे काय होईल, असे मला विचारले. मला माहीत नव्हते आणि या वेळी मी तसेच सांगितले.

निघताना धोंडीबा फाट्यापर्यंत आले. वाटभर मुलाच्या नोकरीविषयी बोलले. गाडी दिसल्यावर म्हणाले, "हिचं मनावर घेऊ नका सर."

"त्यांचेच मनावर घ्यायला हवे होते," मी म्हणालो. गाडी थांबली होती. ते हसले की नाही, ते मी पाहिले नाही.

भोरला पोचल्यावर यादी काढली. वरकुट्यापुढे उजव्या तोंडाच्या पातळ शंखाची नोंद केली आणि शेजारी महिना लिहिला: कार्तिक. मग वरच्या प्रत्येक गावापुढे महिना लिहावा म्हणून जुन्या वह्या उघडल्या. शिरवळच्या पूर्वेला जेवढी गावे होती, तेवढ्यांपुढे एकच महिना आला. मे. महाविद्यालयाला लांबची सुट्टी तेव्हाच असे. तीस वर्षे मी त्या मुलखात फक्त ढेकळे पडलेल्या गाळावरून चाललो होतो, आणि पूर्वेला यादी आखूड होत जाते ती कोरडेपणामुळे, असे विद्यार्थ्यांना शिकवत होतो. ते कदाचित खरेही असेल. माझ्या वह्यांवरून ते सिद्ध होत नाही.

यादी पुन्हा करण्याइतके वय आता उरलेले नाही. पण एक गोष्ट करता येण्यासारखी होती. वरकुट्याप्रमाणे आणखी चार गावी, मेंढरेवाल्यांनी विचारल्यावरून, मी तळ्याचे पाणी निर्धोक असल्याचे सांगून आलो होतो. त्या चारही ठिकाणी पत्रे लिहिली. पाणी शेंदून पाजण्याचा नियम असेल तर मोडू नये; माझ्या सांगण्यावरून मोडला असेल तर पुन्हा धरावा; आणि गाळाविषयी घरातल्या बायकांना विचारावे.

पत्ते लिहिताना थांबावे लागले. चारपैकी तीन गावांत मी ज्यांच्याशी बोललो होतो, त्यांची नावे वहीत नव्हती. तिथे कोणते शंख मिळाले, किती आणि कोणत्या मापाचे, हे मात्र नीट लिहिलेले होते. ती तीन पत्रे नुसती सरपंचांच्या नावे टाकली.