खोट्या लेकाचे अकरा प्रयोग

आमच्या नाटकाचे प्रयोग झाले अकरा. किस्से किती झाले ते विचारू नका! रविवारी चहाला जमलो की कुणीतरी जुनाच किस्सा काढतं आणि त्याला नवीन शेपूट फुटतं. म्हणून म्हटलं, आपणच सांगून टाकावं. मी प्रॉम्प्टर. दुसऱ्यांची वाक्यं जशीच्या तशी लक्षात ठेवणं हेच माझं काम.

नाटक सायकॉलॉजिकल थ्रिलर. वीस वर्षांपूर्वी घर सोडून गेलेला मुलगा आईकडे परत येतो. तो खरा नसतोच. घर बळकावायला आलेला भामटा असतो. आईला हे पहिल्या दिवसापासून माहीत असतं. पण ती गप्प राहते, कारण तिला ‘आई’ म्हणणारं कुणीतरी हवं असतं. आईला सगळं माहीत आहे हे प्रेक्षकाला कळतं थेट दुसऱ्या अंकात. पेपरात आमच्यावर एक ओळ आली नाही. तरी छातीठोकपणे सांगते, असं नाटक या शहरात बऱ्याच वर्षांत झालेलं नाही.

*

आईच्या भूमिकेला बाई मिळत नव्हती. तालमी बिबवेवाडीत, एका सोसायटीच्या हॉलमध्ये. एक दिवस वरच्या मजल्यावरच्या कुमुदताई, रिटायर्ड नर्स, तणतणत खाली आल्या.

“अहो, रोज संध्याकाळी काय रडारड चालते? आणि आई अशी रडते का कधी?”

“मग कशी रडते?” आमचे लेखक-दिग्दर्शक नाना म्हणाले.

कुमुदताई खुर्चीवर बसल्या. पदर नीट केला. नुसतं दाराकडे बघत राहिल्या. मिनिटभर हॉलमध्ये कुणी हललं नाही!

नाना म्हणाले, “आपली तक्रार मिळाली. उद्या सहाला या.”

*

मुलाचं काम करायचा प्रशांत. मूळचा अकोल्याचा, इथे आयटीत. नाटकातला मुलगा मात्र पक्का पुणेकर. तीन महिने मी त्याची भाषा घासूनपुसून लख्ख केली. आणि पहिल्याच प्रयोगात, ऐन भरात, पठ्ठ्या म्हणाला, “आई, मी तुझाच मुलगा आहो!”

माझ्या हातातून स्क्रिप्ट पडलं. कुमुदताईंनी त्याच्याकडे एकटक पाहिलं आणि हळूच म्हणाल्या, “बोलणं बदललं रे तुझं.”

नानांनी दुसऱ्या दिवशी ती चूक स्क्रिप्टमध्ये घातली. पुढचे दहा प्रयोग प्रशांत तिथे मुद्दाम चुकला.

*

स्पर्धेत आम्हाला उत्तेजनार्थ मिळालं. परीक्षक म्हणाले, “थ्रिलर आहे, पण खून कुठाय?”

नाना शांतपणे म्हणाले, “पुढच्या वेळी नक्की. सुरुवात कुणापासून करायची तेही ठरलंय.”

*

एक निर्माते आले होते. म्हणाले, पन्नास प्रयोग लावतो, फक्त शेवटी खरा मुलगा परत आणा, लोक हसत घरी गेले पाहिजेत. पन्नास प्रयोग! आम्ही सगळे नानांच्या तोंडाकडे बघत होतो.

नाना म्हणाले, “आमच्या आईला एक मुलगा पुरे आहे.”

निर्माते गेले. आम्हाला वाईट वाटलं, नाही असं नाही. पण त्या संध्याकाळची तालीम अशी रंगली की विचारू नका!

*

धायरीचा प्रयोग. पहिल्या रांगेत गावातल्या एक आजी. प्रशांत आईच्या पाया पडायला वाकला आणि आजी उभ्याच राहिल्या.

“आगं बाई, त्यो खोटा हाय! घर लुटंल तुझं!”

कुमुदताईंनी त्यांच्याकडे पाहिलं. भूमिका तसूभरही न सोडता म्हणाल्या, “ठाऊक आहे हो मला. बसा तुम्ही.”

दुसऱ्या अंकाचं रहस्य पहिल्या अंकात फुटलं! नानांनी मागे कपाळ धरलं. पण मध्यंतरानंतर एक खुर्ची रिकामी नव्हती. आजीसुद्धा पुन्हा जागेवर, डोळ्याला पदर लावून.

*

अकराव्या प्रयोगाला प्रशांतची आई अकोल्याहून आली होती. आठ दिवस आधीच येऊन त्याच्या कात्रजच्या फ्लॅटवर राहिली. प्रशांतची नोकरी जाऊन तेव्हा चार महिने झाले होते. घरी सांगितलं नव्हतं. आई आल्यापासून तो रोज सकाळी नऊला लॅपटॉपची बॅग अडकवून ‘ऑफिसला’ निघायचा आणि आमच्या तालमीच्या हॉलमध्ये येऊन बसायचा. आम्हालाही तंबी दिलेली, “आईसमोर कुणी बोलू नका.” आम्ही कसले बोलतोय!

प्रयोग संपला. लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते. काकू रंगपटात आल्या. आधी कुमुदताईंचे हात हातात घेतले. म्हणाल्या, “माह्या पोरानं लय चांगलं काम केलं ना हो, ताई?”

“फार चांगलं,” कुमुदताई म्हणाल्या. “अभिमान वाटावा असं.”

काकूंनी प्रशांतच्या तोंडावरचा रंग पदराने पुसला. एक गाल पुसला, मग दुसरा. आणि म्हणाल्या,

“उद्यापासून ते बॅग घेऊन हिंडू नको, बापू. खांदा दुखते तुहा.”