लपवून ठेवलेलं दुकान

उमरग्यात मी बायकांचे कपडे शिवायचं दुकान टाकलं. शिलाईला कुणी नाव ठेवत नव्हतं, पण नवीन गिऱ्हाईक येईना. दुकान बंद करायची वेळ आली, तेव्हा नेहमी येणाऱ्या शेजारच्या खालांना विचारलं, "माझं नाव कुणाला सांगता की न्हाय?"

"येडी हायेस का? सांगितलं तर तुझ्याकडं गर्दी होईल, अन् ईदला माझाच ब्लाउज मागं पडंल!"

म्हणजे काम चांगलं होतं, म्हणूनच त्या मला लपवत होत्या. मी तिथंच सांगून टाकलं, जी नवीन बाई आणेल, तिचा ब्लाउज सणाला सगळ्यांच्या आधी.

दुसऱ्या दिवशी खाला दोन जावांना घेऊन आल्या. पाठोपाठ गल्ली आली. ईदच्या आधी मला दुसरं मशीन घ्यावं लागलं. त्यावर पहिला ब्लाउज खालांचाच शिवला.