रेकॉर्डच्या पाठीवरचं नाव

बाईंना काहीही विचारलं तरी उत्तराआधी त्यांचं उजव्या हाताचं बोट कानाशी जायचं. "एर्स्ट हॉयरन," म्हणायच्या. आधी ऐका. माझ्या बायकोने, इंदूने, त्यांना पहिल्यांदा चकली दिली तेव्हा ती त्यांनी तोंडात घातली नाही. कानाजवळ नेऊन मोडली, कट् आवाज ऐकला, "चांगली आहे" असा निकाल दिला आणि मग खाल्ली. त्या दिवसापासून घाणा उतरला की इंदूही पहिली चकली कानाजवळ मोडून बघते. चकली ऐकायची असते हे तिला एका जर्मन बाईने शिकवलं.

लुडविग्सहाफेनला आमच्या डोक्यावर, तिसऱ्या मजल्यावर, त्या तीसेक वर्षं राहिल्या. आमच्या घरात त्या 'वरच्या बाई'. आमची मुलगी त्यांना ओमा, म्हणजे आजी, म्हणायची. त्यांचं नाव मी इथे लिहीत नाही. का, ते पुढे येईल.

शेजार होण्याच्या कितीतरी आधी माझी ओळख झाली ती त्यांच्या आवाजाशी. मी रसायनांच्या कारखान्यात प्रयोगशाळेत होतो आणि बाई तिथल्याच टेलिफोन एक्स्चेंजमध्ये. आपल्याला हवा तो नंबर तोंडी सांगावा लागे. जर्मन आकडे उलटे. पंचवीस म्हणायचं तर आधी पाच, मग वीस. माझ्याबरोबरचे इतर परदेशी तिथे हमखास घसरत आणि भलत्याच खात्यात जाऊन पोचत. मी कधी चुकलो नाही. दोनेक महिन्यांनी पलीकडून प्रश्न आला, "हेर डॉक्टर, तुम्ही आकडे बरोबर कसे सांगता?" मी म्हटलं, माझ्या भाषेतही तसेच आहेत. पंच-वीस. पाच आणि वीस. "पुन्हा म्हणा," त्या म्हणाल्या. मी म्हटलं. "आणखी एक." मी सदतीस म्हटलं. नंबर मागणाऱ्यांची रांग लागली असणार, पण बाई मराठी आकडे ऐकत होत्या.

त्या आमच्या इमारतीत राहायला आल्या तेव्हा जिन्यात मी "गुटन मॉर्गन" म्हटलं आणि त्या तिथेच थांबल्या. बोट कानाशी. "सदतीस," त्या म्हणाल्या. अगदी स्पष्ट.

मग ताटल्यांची ये-जा सुरू झाली. दर रविवारी वरून प्लमचा केक यायचा आणि आलेली ताटली रिकामी परत द्यायची नाही हा आपल्याकडचा रिवाज. तो इंदूने ऱ्हाइनकाठीही सोडला नाही. ताटलीत रव्याचे लाडू, कोथिंबिरीची वडी, काहीच नसलं तर चार बेदाणे तरी. बाईंना सुरुवातीला ही परतफेड वाटली आणि त्या संकोचल्या. इंदूने तिच्या मोडक्या जर्मनमध्ये समजावलं, की हे केकचं उत्तर नाही, भांडं रिकामं पाठवलं तर त्यालाच वाईट वाटतं. "भांड्याला?" बाईंनी विचारलं. "गेनाऊ," इंदू म्हणाली, म्हणजे अगदी बरोबर. बाईंना हे इतकं पटलं, की त्याही आमचं भांडं कधी रिकामं परत करेनात. त्यामुळे कोणती ताटली मूळ कोणाची याचा हिशेब दोन्ही घरांत कायमचा बुडाला.

बाई एकेकाळी गायच्या हे आम्हाला पंधरा वर्षांनी कळलं. तेही इंदूने त्यांना जिन्यात गुणगुणताना पकडलं म्हणून.

टेलिव्हिजन नवं होतं तेव्हाची गोष्ट. चित्र काळंपांढरं आणि कार्यक्रम घडत असतानाच लोकांच्या घरी दिसायचा. खास टेलिव्हिजनसाठी एक संगीत नाटक बसवलं होतं. नदीवर होडी चालवणाऱ्या मुलीचं. नायिका देखणी होती, पण तिला गाता येत नव्हतं. बाई तेव्हा जेमतेम बावीस वर्षांच्या. रंगवलेल्या प्लायवूडच्या भिंतीमागे मायक्रोफोन धरून उभ्या राहायच्या आणि भिंतीला पाडलेल्या भोकातून त्यांना नायिकेची फक्त पाठ दिसायची. ओठ दिसत नव्हते. मग सूर नेमका कधी लावायचा? "तिचा श्वास ऐकायचा," बाई म्हणाल्या. "तिने श्वास घेतला की मी घ्यायची." एर्स्ट हॉयरन कुठून आलं ते आम्हाला त्या दिवशी समजलं.

कार्यक्रम लोकांना आवडला, पण तो जपून ठेवायचं कोणाच्या मनात आलं नाही. मागे राहिली ती गाण्यांची रेकॉर्ड. कव्हरवर नायिकेचा फोटो, गायिका म्हणूनही तिचंच नाव. बाईंचं नाव कुठेच नाही. सांगताना त्यांच्या बोलण्यात कडवटपणा नव्हता. ती बिचारी दर गाण्यानंतर भिंतीमागे येऊन माझा हात दाबायची, म्हणाल्या.

इंदूने रेकॉर्ड ऐकायला मागितली. बाईंनी ती दोन्ही हातांनी माझ्याकडे दिली.

मी तेव्हा नुकताच निवृत्त झालो होतो. प्रयोगशाळा सुटली होती, पण हात अजून काम शोधत होते. शेवटच्या गाण्यात ती मुलगी संध्याकाळच्या धुक्यात पलीकडच्या काठाला हाक मारते. त्याच्या आधी एक श्वास आहे, अगदी स्पष्ट. बाकी सगळीकडे मासे तळल्यासारखी चरचर. रेकॉर्ड परत द्यायची वेळ आली तेव्हा इंदू सवयीने म्हणाली, "अहो, अशीच नका हं देऊ." लाडू काही रेकॉर्डवर ठेवता येत नाहीत. मी ठरवलं, ही स्वच्छ करून द्यायची. शुद्ध केलेलं पाणी, साबणाचे दोन थेंब, मऊ फडकं. चरचर जवळजवळ गेली. मग मी कव्हर घेतलं. गुळगुळीत, वर प्लास्टिकचा पातळ थर. पाठीमागे खालच्या कोपऱ्यात बॉलपेनने कोणीतरी चारपाच ओळी खरडल्या होत्या, जुन्या वळणाच्या अक्षरात. मला त्यातलं अक्षरही लागलं नाही. स्पिरिटमध्ये कापूस बुडवला आणि दहा मिनिटांत कोपरा कोरा केला.

प्रयोगशाळेत आमचा पहिला नियम असा होता, की वहीत काही खोडायचं नाही. चुकलं तर त्यावर एक रेघ मारायची, पण खालचं वाचता आलं पाहिजे. मी तो नियम कित्येक पोरांना शिकवला. त्या दहा मिनिटांत मला तो आठवला नाही.

बाईंनी रेकॉर्ड लावली, चरचर गेलेली ऐकली आणि त्यांचे डोळे भरून आले. कव्हर उलटून पाहिलं नाही. एव्हाना त्यांना नीट दिसतही नव्हतं.

दोन वर्षांनी टेलिव्हिजनच्या संग्रहालयातून एक गृहस्थ आणि एक तरुण बाई त्यांच्याकडे आले. ती गाणी नव्याने काढायची होती आणि गाणारी दुसरीच होती असं त्यांच्याही कानावर आलं होतं. बाईंनी गळ्यात मोत्यांची माळ घातली होती. सोबत म्हणून मला वर बोलावलं होतं. गृहस्थ सभ्य होते. म्हणाले, आमचा विश्वास आहे, पण नाव छापायचं तर काहीतरी श्रिफ्टलिश, म्हणजे लेखी, हवं. तुम्ही जर्मनीत राहिला असाल तर हा शब्द तुम्हालाही भेटला असेल. त्याच्यापुढे कोणाचं काही चालत नाही.

"आहे ना," बाई म्हणाल्या. "वाद्यवृंदाच्या संचालकांनी स्वतः लिहून दिलंय, या रेकॉर्डवर कोण गातंय ते. कव्हरच्या पाठीवर, खाली कोपऱ्यात."

त्या तरुण बाईने कव्हर उलटलं. एकदा पाहिलं, पुन्हा पाहिलं आणि ते बाईंच्या हातात दिलं. बाईंनी त्या कोपऱ्यावरून बोट फिरवलं. परत एकदा, सावकाश. मग कव्हर माझ्यापुढे धरलं.

"हेर डॉक्टर, तुम्हाला काय दिसतं?"

मी म्हटलं, "काही नाही."

त्यात खोटं एक अक्षर नव्हतं आणि त्याच्याहून मोठं खोटं मी आयुष्यात बोललो नाही. मीच पुसलं, एवढंच सांगायचं होतं. त्यांना साक्षीदार मिळाला असता. पण दोन अनोळखी माणसांसमोर मूर्ख ठरायचं माझ्या जिवावर आलं.

बाईंनी थोडा वेळ वाट पाहिली. मग पाहुण्यांना म्हणाल्या, "माझी आठवण चुकली असेल. वय झालं." आणि केक कापायला उठल्या.

पुढच्या रविवारी ताटली आली. नेहमीसारखी.

वर्षभराने नवी सीडी निघाली. कव्हरवर तोच फोटो, गायिकेच्या जागी तेच नाव. बाईंनी आम्हाला वर बोलावून ती लावली. शेवटचं गाणं आलं आणि हाकेआधीचा तो श्वास नव्हता. नको असलेला आवाज म्हणून कोणीतरी काढून टाकला होता. बाई म्हणाल्या, "किती स्वच्छ केलंय. तुमच्यासारखंच." इंदू हसली. मी हसलो नाही.

त्यानंतर सांगून टाकायचा प्रसंग एकदाच आला. मी त्यांचा दिवा बदलायला वर गेलो होतो. म्हणाल्या, "हेर डॉक्टर, हल्ली तुम्ही फार गप्प असता." मी म्हटलं, वय झालं. त्यांनी बोट कानाशी नेलं. "मी ऐकतेय," त्या म्हणाल्या आणि खरंच थांबल्या. इतक्या शांतपणे माझ्यासाठी कोणी कधी थांबलं नव्हतं. मी शिडीवरून उतरलो आणि म्हणालो, जिन्यातला दिवाही बदलायला झालाय.

गेल्या हिवाळ्यात बाई गेल्या. अठ्ठ्याऐंशी वर्षांच्या होत्या. झोपेतच गेल्या. आठवड्याने त्यांची भाची खाली आली. तिच्या हातात आमची निळ्या काठाची ताटली होती. निदान इंदूच्या मते ती आमची. ताटलीवर ती रेकॉर्ड. भाची म्हणाली, मावशीने बजावून ठेवलं होतं, खालच्यांची ताटली रिकामी द्यायची नाही.

मी कव्हर घेऊन खिडकीशी बसलो. हिवाळ्याचं ऊन तिरपं होतं. कव्हर सहज कलतं झालं आणि कोऱ्या कोपऱ्यात ओळी उठून आल्या. शाई मी काढली होती, पण लिहिणाऱ्याने पेन दाबून चालवलं होतं आणि त्याचे खळगे प्लास्टिकमध्ये तसेच होते. भाचीला ते जुनं वळण वाचता येत होतं. भिंग घेऊन तिने वाचून दाखवलं: या रेकॉर्डवर सगळीकडे गाते ती हीच. पुढे बाईंचं संपूर्ण नाव, खाली सही.

मग मला ते बोट आठवलं. दोनदा फिरलेलं. बाईंना त्या दिवशीच ते खळगे लागले असतील का? लागले असतील, तर "उजेडात धरा" एवढंच त्यांनी म्हणायचं होतं. पण मग शाई कुठे गेली हेही कोणीतरी विचारलं असतं आणि मी शेजारीच बसलो होतो. मला खात्रीने सांगता येत नाही. पण मी एकतीस वर्षं त्यांना पाहिलंय आणि मला काय वाटतं ते तुम्ही ओळखलं असेल.

इंदूला सगळं सांगितलं. तिने कव्हर खिडकीशी नेऊन तो कोपरा उन्हात तिरपा धरला. मग म्हणाली, "मीच म्हटलं होतं, अशीच देऊ नका." मी म्हटलं, तू रिकामी देऊ नको म्हणालीस, मी रिकामी करून दिली. "मग आता भरून पाठवा," ती म्हणाली.

संग्रहालयाला मी सगळं कळवलं. कोणी पुसलं, कशाने पुसलं, आणि विचारल्यावर मी काय म्हणालो. त्या तरुण बाईचं उत्तर आलं. तिला तो दिवस आठवत होता. मूळ कव्हर तपासायला पाठवा, म्हणाली, आणि श्वास असलेली रेकॉर्डही. बाईंचं नाव मी इथे लिहिलं नाही ते यासाठी. ते आधी जिथे छापायला हवं होतं तिथे छापलं जाऊ दे.

पार्सल उद्या जाईल. खोक्यात एका बाजूला इंदूने चकल्यांचा डबा बसवलाय. संग्रहालयाला चकल्या कशाला, असं विचारायची माझी छाती नाही. माझा सही केलेला कागद मी कव्हरच्या आत घातला आणि बंद करण्याआधी रेकॉर्ड शेवटची लावली. शेवटचं गाणं जवळ आलं तशी इंदू ओट्यापाशी काहीतरी बोलू लागली. मी बोट कानाशी नेलं. ती थांबली. सुई थोडी चरचरली आणि बावीस वर्षांच्या एका मुलीने प्लायवूडच्या भिंतीमागे श्वास घेतला.