भिकाजीची दाढी

उर्से गावच्या चिमाबाईनं नवऱ्याची दाढी करायला घेतली ती नाइलाजानं. भिकाजी देहूरोडच्या डेपोतली हमाली सोडून घरी बसला आणि वर्षभरात त्याची उजवी बाजू लुळी पडली, वाचाही गेली. सलूनमध्ये जायची त्याला लाज वाटायची. मग रोज सकाळी ओट्यावर बसवून तीच त्याचे गाल तासायची.

एकदा पुण्याची शुभदा पाणी मागायला दारात आली आणि बघतच राहिली. ती लहानशी फिल्म करत होती.

"मावशी, हे मला घ्यायचंय. माझ्या फिल्ममध्ये आवाज नाही, गोष्ट नाही. माणसाला माणसाची ओढ, एवढंच."

"दाढीत कसली आलीया वढ?" चिमाबाई हसली. भिकाजीनं मात्र मान डोलावली आणि शुभदानं ओट्यासमोर कॅमेरा लावला.

फिल्म लोणावळ्यात दाखवायचं ठरलं, तेव्हा पुतण्या विक्कीनं बातमी आणली, "काकू, त्यात तरन्या पोरापोरींचं तसलं पन हाय म्हनं!"

चिमाबाईची लेक लोणावळ्यातच दिलेली. लेकीची सासू धोंडाबाई जिभेनं तिखट, आणि ती हौसेनं येणार होती. लेकीला जन्मभर ऐकून घ्यावं लागणार!

हॉलमध्ये ती तोंडाला पदर लावून बसली. पडद्यावर दोन तरुण चेहरे इतके जवळ आले, की कुणाचा गाल कुठला कळेना. तिनं डोळे गच्च मिटले. उघडले तर समोर साबणाचा फेस. भिंतीएवढा भिकाजीचा गाल आणि त्यावर तिचा हात. कॅमेरा सावकाश खाली उतरला. भिकाजीच्या डाव्या मुठीत तिच्या पदराचं टोक होतं.

चिमाबाईला हे ठाऊकच नव्हतं. तिचं सगळं लक्ष नेहमी पात्याकडं. तिनं शेजारी पाहिलं. भिकाजीनं लाजून मान खाली घातली.

दिवे लागले. धोंडाबाई तिच्याकडंच आली. डोळे पुसत म्हणाली, "इनबाई, आमच्या मालकांनी मरस्तवर कदी माजा पदर धरला न्हाई वो. लय नशीबवान तुमी."

चिमाबाईचा जीव भांड्यात पडला. बाहेर वड्यांचा घाणा निघत होता. धास्तीनं सकाळपासून तिनं काही खाल्लं नव्हतं. तिनं दोन गरम वडे घेतले, एक फुंकून कुस्करला आणि तिथंच, विहिणीसमोर, भर रस्त्यात नवऱ्याला भरवला.